दोष आणि कारण

घरांत कपबशी फुटल्याचा आवाज झाला कीं आंतल्या खोलींतून जो पहिला प्रश्न येतो तो "कोणीं फोडली?" असा असतो. "कशी फुटली?" असें प्रथम विचारणारें घर आमच्या तरी अद्याप पाहण्यांत नाहीं, आणि आमच्या स्वतःच्या घराचाही यास अपवाद नाहीं. अपराधी सांपडला, त्यास दोन शब्द ऐकविले, फुटके तुकडे केरांत गेले, म्हणजे प्रकरण मिटलें असें सर्वांस वाटतें. बशी ओट्याच्या अगदीं कडेस ठेवण्याची त्या घराची रीत मात्र तशीच राहते, आणि यथाकाल दुसरी बशी फुटते. गोष्ट क्षुल्लक खरी. परंतु बशीच्या जागीं दोनशें साठ माणसांचे प्राण कल्पिले म्हणजे या दोन प्रश्नांतलें अंतर केवढें मोठें आहे तें कळूं लागतें.

१२ जून २०२५ रोजीं दुपारीं अहमदाबादहून लंडनकडे निघालेलें एअर इंडियाचें बोइंग ७८७ जातीचें विमान, जमीन सोडल्यावर अर्ध्या मिनिटाच्या सुमारास, एका वैद्यकीय महाविद्यालयाच्या वसतिगृहावर कोसळलें. विमानांतील २४२ पैकीं २४१ आणि जमिनीवरील १९ अशीं २६० माणसें त्यांत गेलीं. विमानाचे कॅप्टन मुंबईस राहणारे होते, आणि आमच्याच ठाणें जिल्ह्यांतील डोंबिवलीची एक तरुण हवाईसेविका त्यांत होती. त्या सायंकाळीं आमच्याकडे चार मंडळी जमलीं होतीं. दिवेलागणीच्या आंत निकाल लागून गेला. एकानें इंजिनास दोषी ठरविलें, दुसऱ्यानें वैमानिकास, तिसऱ्यानें कंपनीस. विमानाचें इंजिन कसें चालतें हें त्या बैठकींत कोणासही ठाऊक नव्हतें. मत मात्र प्रत्येकास होतें. त्या मंडळींत आम्हीही होतों, आणि आम्ही तर्कशास्त्र शिकवितों, हेंही येथें सांगून टाकणें बरें.

बरोबर एका महिन्यानें, १२ जुलैस, केंद्र सरकारच्या विमान-अपघात तपास खात्यानें, ज्यास इंग्रजी आद्याक्षरांवरून एएआयबी म्हणतात, आपला पंधरा पानांचा प्राथमिक अहवाल प्रसिद्ध केला. विमान उडाल्यावर कांहीं क्षणांतच दोन्ही इंजिनांना इंधन पुरविणाऱ्या कळा एका सेकंदाच्या अंतरानें बंद स्थितींत गेल्या. 'तूं कां बंद केलेंस?' अशा अर्थाचा प्रश्न एका वैमानिकानें केला व 'मीं केलें नाहीं' असें दुसऱ्यानें सांगितलें. सुमारें दहा सेकंदांनीं कळा पुन्हां चालू केल्या गेल्या, पण तोंवर उंची उरली नव्हती. अहवाल एवढें सांगून थांबला. प्रश्न कोणाचा, उत्तर कोणाचें, कळ हातानें फिरली कीं अन्य कारणानें, यांपैकीं कशाचाच निर्णय त्यांत नव्हता. त्याच जातीच्या कळांच्या अडसराविषयीं अमेरिकेच्या विमान-वाहतूक खात्यानें २०१८ सालीं एक सूचना काढली होती, ती सक्तीची नव्हती, आणि म्हणून तशी तपासणी झाली नव्हती, हेंही त्यांत नमूद होतें. परंतु लोकांनीं अहवालांतून एकच वाक्य उचललें. दोन मृत माणसांपैकीं अपराधी कोण एवढाच प्रश्न जगानें धरला, आणि जे उत्तर देण्यास उरले नव्हते त्यांच्यावर खटला चालविला. त्याच वर्षीं नोव्हेंबरांत कॅप्टनांच्या नव्वदी ओलांडलेल्या पित्यास, तुमच्या मुलास या अहवालानें दोषी ठरविलेलें नाहीं, असें आश्वासन सर्वोच्च न्यायालयास द्यावें लागलें. ज्या देशांत मुलाच्या शोकाबरोबर मुलाच्या अब्रूसाठींही बापास न्यायालयाची पायरी चढावी लागते, तेथें चौकशी म्हणजे काय याचा आपणांस पुन्हां एकदां विचार केला पाहिजे.

या तपास-खात्याचें व्रत मोठें विलक्षण आहे. १९४४ सालीं शिकागो येथें राष्ट्रांचा जो करार झाला त्याच्या तेराव्या परिशिष्टांत असा दंडक आहे कीं, अपघाताच्या तपासाचा एकमेव हेतु पुढील अपघात टाळणें हा असावा. दोष किंवा दायित्व वांटून देणें हा नसावा. भारताच्या २०१२ च्या नियमांतही हेंच तत्त्व आलें होतें. खात्याचा जन्मही एका मोठ्या दुःखांतूनच झाला. २२ मे २०१० रोजीं मंगळूर येथें विमान धांवपट्टी ओलांडून दरींत गेलें व १५८ माणसें मृत्यु पावलीं. त्या चौकशीचें अध्यक्षपद वायुदलाचे निवृत्त उपप्रमुख एअर मार्शल भूषण गोखले यांजकडे होतें. अशा तपासासाठीं एक कायमची स्वतंत्र संस्था असावी, अशी शिफारस त्यांच्या अहवालांत होती. त्यापूर्वीं दर मोठ्या अपघातास नवें न्यायालय बसे, किंवा जें खातें विमानांस परवाने देई त्याच खात्याचे अधिकारी तपास करीत. २०१२ च्या जुलैंत एएआयबी निघालें. दोष ठरवूं नये अशी शपथ घेऊन दोषाच्याच ठिकाणीं जाऊन बसणारें हें एक सरकारी खातें. आपल्या समाजाच्या प्रकृतीशीं इतकें विसंगत खातें दुसरें क्वचितच असेल.

विसंगत म्हणण्याचें कारण असें कीं, न्यायाची आपली मूर्ति रामशास्त्री प्रभुण्यांची आहे. नारायणराव पेशव्यांचा १७७३ सालीं खून झाला. शास्त्रीबोवांनीं अपराधी कोण तें शोधलें, आणि तो प्रत्यक्ष सत्ताधारी असतांही त्याच्या तोंडावर त्यास देहान्त प्रायश्चित्त सांगितलें. ही गोष्ट ऐकतांना आजही ऊर भरून येतो, आणि तसा तो यावाच. परंतु या गोष्टीनें आपल्या मनास एक संवयही लागली आहे. प्रत्येक मृत्यूमागें एक राघोबा असलाच पाहिजे, आणि तो न सांपडला तर चौकशी दबली, अशी आपण समजूत करून घेतों. शास्त्रीबोवांपुढें जो प्रश्न होता तो खुनाचा होता. खुनांत हेतु असतो, आणि हेतु एका मनांत वास करतो, म्हणून 'कोणीं?' हा प्रश्न तेथें योग्यच होय. अपघातांत हेतु नसतो. जेथें हेतु नाहीं तेथें 'कोणीं?' हा प्रश्न विचारला तर उत्तर मिळत नाहीं असें नाहीं. मिळतें, पण तें बहुधा शेवटच्या माणसाचें नांव असतें. वस्तु ज्याच्या हातून सुटली तो शेवटचा माणूस. त्याच्या हातीं ती कोणीं, कशी, कोणत्या घाईंत दिली, हें त्या नांवाखालीं झांकून जातें.

हा विचार पाश्चात्त्यांकडून आला आहे असें कोणी समजूं नये. भगवद्गीतेच्या अठराव्या अध्यायांत कोणत्याही कर्माच्या सिद्धीस पांच कारणें सांगितलीं आहेत: अधिष्ठान, कर्ता, निरनिराळीं करणें म्हणजे साधनें, नानाविध चेष्टा, आणि पांचवें दैव. असें असतां जो एकट्यासच कर्ता मानतो त्याची बुद्धि संस्कारहीन होय, असा तेथील अभिप्राय आहे. तें विवेचन आत्मज्ञानाचें आहे, आणि आम्ही तें व्यवहारांत ओढीत आहों हें मान्य. परंतु पांच कारणांची ती मोजणी व्यवहारासही तितकीच लागू पडते. इंग्लंडचा तत्त्वज्ञ जॉन स्टुअर्ट मिल यानें १८४३ च्या आपल्या तर्कशास्त्रावरील ग्रंथांत हेंच दुसऱ्या वाटेनें सांगितलें: कारण म्हणजे सर्व उपाधींची बेरीज, त्यांतून एक उपाधि उचलून तिलाच 'कारण' म्हणणें ही केवळ आपली सोय आहे. हा भाग आम्ही पंचवीस वर्षें वर्गांत शिकवीत आलों आहों. शिकविणें आणि समजणें यांत किती अंतर असतें तें पुढें सांगूं.

उदाहरणासाठीं दूर जाण्याचें कारण नाहीं. २६ एप्रिल १९९३ रोजीं औरंगाबादेहून, म्हणजे आतांच्या छत्रपति संभाजीनगरहून, मुंबईकडे निघालेलें इंडियन एअरलाइन्सचें विमान धांवपट्टीच्या शेवटीं उडालें खरें, पण पुरेसें वर चढलें नाहीं. धांवपट्टीपलीकडून बीडचा रस्ता जातो. त्या रस्त्यावरून दाबून बांधलेल्या कापसाच्या गांठी भरलेली एक मालमोटार त्याच क्षणीं चालली होती. विमानाचें चाक त्या मोटारीस लागलें, पुढें विजेच्या तारा आल्या, आणि विमान शेतांत पडलें. ११८ माणसांपैकीं ५५ मेलीं. आतां गीतेचीं पांच कारणें मोजा. अधिष्ठान म्हणजे ती धांवपट्टी आणि तिच्या तोंडाशीं असलेला रस्ता. कर्ता वैमानिक, त्यानें विमानाचें नाक उशिरा व चुकीच्या रीतीनें उचललें असें चौकशींत ठरलें. करण म्हणजे तें भरलेलें विमान. चेष्टा म्हणजे निरनिराळ्या लोकांचीं निरनिराळीं कामें; उड्डाणाच्या वेळीं त्या रस्त्यावरील रहदारी थांबविण्याची व्यवस्था विमानतळाच्या अधिकाऱ्यांनीं केली नव्हती, हेंही चौकशीनें कारण म्हणून नोंदविलें. आणि दैव म्हणजे कापसाची ती मोटार, जी अर्धा मिनिट आधीं किंवा मागाहून गेली असती तर उशिरा उचललेलें नाक कोणाच्या लक्षांतही आलें नसतें. वैमानिकास दोष देऊन थांबणाऱ्यानें एक कारण धरलें, चार सोडलीं. सोडलेल्या चारांपैकीं दैव आपल्या हातीं नाहीं; परंतु बाकीचीं तीन सर्वस्वी आपल्या हातचीं आहेत. रस्त्यास फाटक बसवितां येतें. मेलेल्या किंवा बडतर्फ केलेल्या माणसास पुन्हां शिकवितां येत नाहीं.

याहूनही कठीण उदाहरण कोळिकोडचें आहे. ७ ऑगस्ट २०२० च्या रात्रीं भर पावसांत तेथें उतरणारें विमान डोंगरमाथ्यावरील धांवपट्टीवरून खालीं गेलें. दोन्ही वैमानिकांसह २१ माणसें गेलीं. कॅप्टन मराठी होते. वायुदलांतून आलेले, प्रबोधिनींत मानाची तलवार मिळविलेले. त्या आठवड्यांत साऱ्या महाराष्ट्रानें त्यांस वीर म्हटलें. सप्टेंबर २०२१ मध्यें एएआयबीचा अहवाल प्रसिद्ध झाला. पाठीवर वारा असतां व उतरणें अस्थिर झालें असतांही विमान पुढें नेलें गेलें, तें धांवपट्टीच्या मध्याजवळ टेकलें, सह-वैमानिकानें पुन्हां वर चला असें सांगितलें असतांही तें वर घेतलें गेलें नाहीं, असें त्यांत निघालें. ज्यांनीं वर्षापूर्वीं वीर म्हटलें त्यांना आतां काय म्हणावें तें सुचेना. आम्हांस वाटतें, त्यांस काहीं म्हणण्याची गरजच नव्हती. पुढें वाचण्याची होती. कारण त्याच अहवालांत असेंही होतें कीं, कॅप्टनांच्या बाजूची कांच पुसणारी पट्टी नीट चालली नाहीं. त्या तळावर पुरेसे कॅप्टन नेमलेले नव्हते. दुसऱ्या दिवशींचें उड्डाण त्यांच्याच माथीं होतें, आणि परत न फिरतां तेथेंच उतरण्याची ओढ त्यामुळें वाढली असावी. व्यवस्थेतील उणिवा हें सहायक कारण म्हणून स्पष्ट नोंदविलें होतें, आणि चाळीसहून अधिक शिफारशी त्यास जोडल्या होत्या. चांगला माणूस चुकूं शकतो, आणि चुकला म्हणून तो वाईट ठरत नाहीं, हें म्हणण्यास सोपें आहे. परंतु वीर आणि अपराधी या दोन शब्दांखेरीज तिसरा शब्द आमच्या शब्दकोशांत नाहीं, म्हणून आम्ही मृतांस एका खुर्चींतून उठवून दुसऱ्या खुर्चींत बसवितों. तपास-खात्याच्या रुक्ष भाषेंत तो तिसरा शब्द आहे. तें मृतास वीरही म्हणत नाहीं, अपराधीही म्हणत नाहीं. त्यानें काय केलें आणि तें करण्यास त्यास काय काय भाग पाडीत होतें एवढें लिहितें. असें लिहिलें जाणें यांत मृताचा एक प्रकारचा सन्मानच आहे असें आम्हांस वाटतें.

येथें वाचक विचारतील, आणि त्यांचा विचारण्याचा हक्क आहे, कीं ज्यांचीं माणसें गेलीं त्यांचें काय? एखाद्या आईनें 'माझें मूल कोणामुळें गेलें?' असें विचारलें तर तिला पांच कारणांचा पाठ म्हणून दाखवावा काय? मुळींच नव्हे. तिचा प्रश्न न्याय्य आहे, आणि त्यास उत्तर देण्यासाठीं न्यायालयें आहेत, नुकसानभरपाईचे कायदे आहेत, निष्काळजीपणास शिक्षा सांगणारी दंडसंहिता आहे. कोणी दारू पिऊन विमान चालविलें, कोणीं पैसे वांचविण्यासाठीं खोटी दुरुस्ती लिहिली, तर त्यास शासन झालेंच पाहिजे. आमचें म्हणणें इतकेंच कीं, हीं दोन कामें एका हातानें होत नाहींत. मराठ्यांच्या राज्यांत अभयपत्र देण्याची चाल होती. भ्यालेला माणूस त्याच्या भरंवशावर परत येई व मोकळेपणानें बोले. भय असलें कीं जीभ आखडते, हें मनुष्यस्वभावाचें ज्ञान त्या चालीमागें होतें. तपास-खात्यापुढें येणारा यंत्रकारागीर, नियंत्रक किंवा वैमानिक आपलें प्रत्येक वाक्य उद्यां आपल्या गळ्यांतला फांस होईल या भयानें बोलूं लागला, तर तो खोटें बोलेलच असें नाहीं. पण विचारलें तेवढेंच बोलेल. आणि पुढल्या दोनशें माणसांचा प्राण बहुधा न विचारलेल्या गोष्टींतच असतो. विमानांतील जी पेटी आपण काळी म्हणतों ती वस्तुतः नारिंगी असते, ढिगाऱ्यांत चटकन् दिसावी म्हणून. तींतील संभाषण सामान्यतः जगजाहीर करूं नये असा जो संकेत आहे तो याच कारणासाठीं. माणसानें मरणाच्या क्षणीं उच्चारलेले शब्द हे त्याच्याविरुद्ध साक्ष म्हणून वापरण्यासाठीं नोंदलेले नसतात.

परंतु ज्या खात्यास आपण इतका विश्वास द्यावयाचा त्यानेंही एक अट पाळली पाहिजे. ज्याची चौकशी करावयाची त्याच्याच घरांत त्यानें राहूं नये. आपल्या ताकास आंबट कोणी म्हणत नाहीं. अमेरिकेंत असें मंडळ १९६७ सालीं निघालें, पण तें वाहतूक खात्याच्या छायेंत होतें. १९७५ पासून तें अगदीं अलग करण्यांत आलें. आपल्याकडे एक मोठी गंमत आहे. रेल्वेच्या अपघातांची चौकशी रेल्वेच्याच मंडळाकडे नसावी म्हणून १९४१ सालीं रेल्वेचे निरीक्षक रेल्वे-मंडळाच्या अधिकारांतून काढून टपाल व हवाई खात्याकडे दिले गेले, आणि त्या परंपरेनेंच रेल्वे-सुरक्षा आयोग नागरी विमान मंत्रालयाच्या छत्राखालीं आला. म्हणजे जो न्याय रेल्वेस लावला तो विमानांस लावण्याचें मात्र राहून गेलें. कारण विमान-अपघातांचें तपास-खातें त्याच मंत्रालयांत आहे ज्याच्याकडे विमानतळ आहेत, परवाने आहेत आणि नियम आहेत. त्या खात्यांतील माणसांच्या सचोटीविषयीं शंका घेण्याचें आम्हांस कारण नाहीं. पण सचोटी असूनही आपण आपल्याला कसें पाहूं शकत नाहीं, याचा आम्हांस अनुभव आहे. तो सांगितल्यावांचून हा लेख प्रामाणिक होणार नाहीं.

२०१६ सालची गोष्ट. आम्ही ज्या महाविद्यालयांत होतों तेथील रसायनशाळेंत एका विद्यार्थ्याचा हात भाजला. शाळेच्या परिचरानें त्यास सौम्य सल्फ्यूरिक ॲसिडाच्या ऐवजीं तीव्र ॲसिडाची बाटली दिली होती. चौकशी-समिति तिघांची, तींत आम्ही एक होतों. परिचर कशेळीचा राहणारा, वीस वर्षें नोकरी झालेला. "बाटली कोणीं दिली?" असें त्यास विचारण्यांत आलें. "मीं दिली," असें त्यानें सरळ सांगितलें. पुढें "साहेब, त्या बाटल्या..." असें तो बोलूं लागला, तेव्हां "विचारलें तेवढेंच सांगा" असें समितींतून कोणी म्हणालें. कोणी म्हणालें असें आम्हीं लिहिलें. तें आम्हीच म्हणालों होतों. चाळीस मिनिटांत काम संपलें. त्याची एक वेतनवाढ थांबली, त्यास रसायनशाळेंतून काढून फाटकावर बसविण्यांत आलें, आणि तीन वर्षांनीं तो निवृत्त झाला. दोन्ही बाटल्या एकाच आकाराच्या, एकाच फळीवर, आणि ॲसिडाच्या वाफेनें चिठ्ठ्या पुसट झालेल्या, हें समितीच्या इतिवृत्तांत कोठेंही नाहीं. त्या सर्व बाटल्या एकाच ठोकानें स्वस्तांत घेण्याचा निर्णय ज्या खरेदी-समितीनें केला होता तिच्यावर आमची सही होती. आम्हीं ही गोष्ट जाणूनबुजून दडविली असें नाहीं. ती आम्हांस सुचलीच नाहीं. आणि आतां आम्हांस वाटतें कीं दडविण्यापेक्षां न सुचणें हेंच अधिक भयंकर.

अहमदाबादचा तो अहवाल वाचल्यानंतर जुलैच्या शेवटच्या रविवारीं आम्ही कशेळीस गेलों. पाऊस होता, खाडी तुडुंब भरली होती, पुलावर भिवंडीकडे जाणाऱ्या मालमोटारींची रांग लागली होती. ज्या जमिनींत पूर्वीं भात होई तेथें आतां गोदामांचे पत्रे दिसतात. त्यांपैकींच एकांत त्याचा मुलगा कामास आहे. तो ओटीवर बसून वाल निवडीत होता. त्यानें आम्हांस ओळखलें, चहा केला, मुलांबाळांची चौकशी केली. दक्षिणेकडे ढगांतून एक विमान मुंबईच्या बाजूस गेलें, तेव्हां त्यानें मान वर करून पाहिलें, आणि थोडा वेळ दोघेही बोललों नाहीं. मग आम्हीं त्यास सांगितलें कीं, त्या बाटल्या घेणाऱ्यांत आम्ही होतों, आणि त्या दिवशीं त्याचें बोलणें तोडलें तें चुकीचें होतें.

"मना ठाव हाय, सर," तो म्हणाला. "कागदावर तुमची सही मीं बघितली होती. तवाच."

त्यानें तें तेव्हां कां सांगितलें नाहीं असें आमच्या ओठांवर आलें. पण विचारण्याचा अधिकार आपणच गमावला होता हें ध्यानांत येऊन आम्ही गप्प राहिलों. क्षमा करण्याची किंवा न करण्याची भाषा त्यानें काढली नाहीं. वालाचें सूप बाजूस ठेवून त्यानें एवढेंच विचारलें:

"ती फली आजून तशीच हाय का? नाय, पोरं दरसाल नवीन येतात."

आम्हांस उत्तर देतां आलें नाहीं, कारण आम्हांस तें ठाऊक नव्हतें. ज्यास आम्हीं दोषी ठरविलें त्यास नऊ वर्षांनंतर कारणाची काळजी होती, आणि ज्यांनीं दोष ठरविला त्यांनीं एकदांही त्या खोलींत डोकावून पाहिलें नव्हतें. न्याय कोणता आणि तपास कोणता, यावर या लेखांत आम्हीं जें कांहीं लिहिलें तें सर्व त्या एका प्रश्नांत आलें होतें.

दुसऱ्या दिवशीं सकाळीं तास सुरू होण्यापूर्वीं आम्ही रसायनशाळेंत गेलों. फळी होती तेथेंच होती. दोन्ही बाटल्या शेजारीं शेजारीं उभ्या होत्या. एकीची चिठ्ठी अर्धी गळून पडली होती. प्रमुखांस बोलावून तीव्र ॲसिडाच्या बाटल्या त्याच दिवशीं खालच्या कुलूपबंद कपाटांत हलविल्या, आणि पुढील खरेदींत त्या निराळ्या आकाराच्या घ्याव्या असें लिहून घेतलें. सारें मिळून काम पाऊण तासाचें होतें. निवृत्त माणसाची थांबलेली वेतनवाढ परत मिळावी म्हणून जो अर्ज आम्हीं केला आहे, त्यास किती वेळ लागेल तें सांगवत नाहीं.